सिद्धेश्वरच्या भिंतीवरची पाठवणी

वाशिमहून हिंगोलीची एसटी पकडली तेव्हा मी चांगलीच वैतागलेली होते. सगळं जग भिंगरी पाहून आलं होतं आणि मी नाशकात बसून फोटोंवर समाधान मानत होते. भिंगरी म्हणजे तो चक्राकार तेजोमेघ. काही वर्षांपूर्वी आकाशात अवचित उगवला आणि हिवाळ्यात, दिवस मावळताना, सिद्धेश्वर धरणावरून सगळ्यांत छान दिसतो. भिंतीवर त्याच्या उजेडात वेळ लांबतो, असं जो तो सांगायचा. म्हटलं, आमच्याकडे सरकारी कचेरीतही लांबतो, त्यात काय एवढं!

कनेरगाव नाक्यावर गाडी जेवायला थांबली. ढाब्यावरचं पिठलं सुरेख, पण ठेचा असा की माझ्या नाकाडोळ्यांतून पाणी वाहू लागलं. शेजारच्या बाकावरच्या गृहस्थांनी ताकाचा पेला पुढे सरकवला.

"हळू खा, ताई. इथला ठेचा पाव्हण्याला वळखत न्हाई."

हे दत्तराव, सिद्धेश्वरजवळच्या गावचे शेतकरी. मुलीचा लग्नातला शालू आणायला वाशिमला गेले होते. मी भिंगरी पाहायला निघालेय म्हटल्यावर म्हणाले, "मंग उद्या आमच्या शीतलच्या लग्नालाच या. पाठवणी धरणाच्या भिंतीवरूनच हाय." मीही आढेवेढे न घेता हो म्हणून टाकलं.

हिंगोली मागे पडली. औंढ्याच्या वाटेवर दोन्ही बाजूंना हरभरा आणि पिवळी पडत चाललेली हळद. दत्तरावांनी मला पाठवणीची तिकडची नवी रीत समजावून सांगितली. भिंगरी वर आली की मायलेकी शिदोरी घेऊन भिंतीवर जातात. खाली वरातीच्या गाडीपाशी चहाचं आधण ठेवतात. खाली चहा उकळेपर्यंत वर कितीतरी दिवस निघून जातात. उकळी आली की घरच्या माणसानं हाक मारायची. त्या हाकेशिवाय वरच्यांना परतीची वाट सापडत नाही, म्हणून शिदोरी पुरेल इतकंच आधण ठेवायचं.

"म्हणजे आयुष्य वाढतंच की!" मी म्हटलं.

"कुठलं वाढतंय? दिवस आपल्याच गाठीचे खर्च व्हतात." ते खिडकीबाहेर बघू लागले. मग हळूच म्हणाले, "मंडळी आजारी हाय. नांदेडच्या डॉक्टरनं सांगितलं, पावसाळा दिसायचा न्हाई. ती म्हणून राहिली, आता जे हायेत ते दिवस पोरीसंगं वर काढते."

"आणि तुम्ही?"

"हाक मारायला घरचं दुसरं हाय कोण, ताई?"

मग माझ्या ध्यानात आलं. बायको वर जितके दिवस राहील, तितके यांच्या वाट्याचे कमी होणार. आणि हे शालू मांडीवर घेऊन मला हळदीचा भाव सांगत होते!

लग्न दुसऱ्या दिवशी दुपारी लागलं. गयाबाई, म्हणजे त्यांची मंडळी, खुर्चीत बसूनच अक्षता टाकत होत्या. अंगावर मांस म्हणून नाही, पण डोळे असे हसरे की बघत राहावं. विहीणबाई कळमनुरीच्या, तोंडानं तिखट. वरण पातळ, मांडव बुटका, कशानंच त्यांचं समाधान होईना. मला मेलीला उगाचच राग येत होता.

दिवस कलला तसे आम्ही धरणावर गेलो. पूर्णेचं पाणी निळं-करडं झालं आणि वर हळूहळू ती उमटली. बायांनो, काय सांगू! कढईभर पसरलेल्या केशरी जिलबीसारखे वेढे, कडेला मोरपिशी झाक, आणि मधोमध एक शांत पांढरा ठिपका. मी चक्क हात जोडले.

गयाबाईंच्या हातात दशम्यांचं (दुधात मळलेल्या भाकऱ्यांचं) गाठोडं होतं. विहीणबाईंनी ते चाचपलं. "एवढ्याशा शिदोरीत काय व्हतंय?" म्हटलं, झालं, इथंही टोमणा! पण त्या गाडीकडे वळून ओरडल्या, "रुखवताचे डबे काढा रे खाली! लाडू, करंज्या, शेव, सारं वर जाऊ द्या."

"अवो, ते तुमच्या घरी न्यायचं," गयाबाई संकोचल्या.

"आमाला काहून पायजे? आमाला चहा हाय की. माझी माय मला अशी मिळाली न्हाई, बाई." एवढं बोलून त्यांनी पदर डोळ्यांना लावला. दत्तरावांनी डबे स्वतः उचलून पायऱ्यांवर नेऊन ठेवले. एकेक डबा म्हणजे त्यांचेच किती दिवस, ते त्यांना ठाऊक होतं.

मायलेकी वर गेल्या. खालून त्यांच्यावर नजर ठरेना, नुसती थरथर दिसत होती. स्टोव्ह फरफरत होता. पातेल्यात कडेनं बुडबुडे धरले, चहा वर चढू लागला. दत्तराव पुढे झाले. मला वाटलं, आता हाक मारतील. मारा हो, असं मनात म्हणतही होते.

त्यांनी लोटा उचलला आणि गार पाणी चहात ओतलं.

चहा खाली बसला. "ऱ्हाऊ द्या अजून पोरीपाशी," ते म्हणाले.

पुन्हा उकळी आली तेव्हा मात्र त्यांनी हाक दिली. "गयाऽऽ! ये आता!"

दोघी उतरल्या. शीतलच्या हातावरची मेंदी पार उडून गेलेली, नखं वाढलेली. गयाबाई आणखी वाळल्या होत्या, लेकीच्या खांद्यावर रेलून, कुठल्याशा गोष्टीवर हसत येत होत्या. पाठवणीला कुणीच रडलं नाही. शीतल तेवढी बापाच्या गळ्यात पडली. "बाबा, किती दिवसांनी दिसलात!"

गाडी निघून गेली. गयाबाई नवऱ्याच्या तोंडाकडे बघत राहिल्या. "काहून इतका उशीर केला हो? मला तुमची लई याद येऊन राहिली व्हती."

दत्तरावांनी बायकोचा हात धरला आणि काही म्हणजे काही सांगितलं नाही.

मी सकाळी निघाले. नाशकात जो तो विचारतो, भिंगरी कशी आहे? मी सांगते, जन्माला येऊन एकदा बघावी अशी आहे. हिंगोलीला उतरा, औंढ्याची गाडी धरा, ठेचा जपून खा. वाटेत दत्तराव भेटलेच तर आग्रहानं घरी बोलावतील. स्वभावच आहे त्यांचा. यंदाचे दिवस मात्र त्या दोघा नवराबायकोचे; हात जोडून सांगते, त्यांच्या घरी जाऊ नका.