सारिका स्टुलावर का चढली

हे मी माझ्या नवऱ्याला सांगितलेलं नाही. आईला सांगायचं होतं, ती गेली, तिलाही नाही सांगितलं. तुम्हाला सांगतेय, कारण तुमचं माझ्या घरी येणंजाणं नाही. एवढंच. त्यात माझा मोठेपणा काही नाही.

आमच्या नात्यात कुणालाही विचारा, सारिकाचा हात कसा मोडला. सगळ्यांना पाठ आहे. तुषारच्या वाढदिवसाला बारामतीला गेली, स्टुलावर चढली आणि पडली. पोरगी आगाऊच होती, म्हणतील. वर हसतील सुद्धा.

आणि ते खोटं बोलत नाहीत बरं का. त्यांना जे सांगितलं, तेच ते सांगतात.

मी निमगाव केतकीची. दिली निरवांगीला. सासऱ्यांच्या वेळेपर्यंत घरात मेंढरं होती, पुढं सगळे शेतीला लागले. यांना बारामतीला एमआयडीसीत दुधाच्या कारखान्यात नोकरी लागली आणि आम्ही दोन खोल्या भाड्यानं घेऊन राहायला लागलो. घरातनं असं बाहेर पडलेले आम्ही पहिलेच. याचा मला किती गर्व होता, ते आत्ता सांगायला लाज वाटते — पण लाजेचंच सांगायला बसलेय, तर हेही सांगते. निरवांगीला गेले की मी मुद्दाम ‘नाही’, ‘आहे’ असं बोलायची. माझ्या जाऊबाई, आमच्या आक्का, माझ्याकडं कौतुकानं बघायच्या. ‘आमची बारामतीची’ म्हणायच्या मला.

सारिका त्यांची. सात वर्षांची असेल तेव्हा. त्र्याण्णव-चौऱ्याण्णवची गोष्ट. बारीक, काळी, आणि चढायला अशी पटाईत, की चिंचेच्या शेंड्यावरनं हाक मारायची — “काकी, हितं बघ!” मला आवडायची का ती? आवडायची. कामाची होती. हाताखाली बरी पडायची. हे असं सांगताना कसं वाटतं, मला कळतंय.

त्या वर्षी तुषार पाच वर्षांचा झाला. गावाकडं वाढदिवस म्हणजे काय — ओवाळायचं, जिभेवर गोड ठेवायचं, झालं. पण त्याआधी आम्ही यांच्या साहेबांच्या मुलीच्या वाढदिवसाला गेलो होतो. तिथं मी पहिल्यांदा तो मोठा फुगा बघितला. आत गोळ्या, चॉकलेटं, थर्माकोलचे दाणे भरलेले. पंख्याच्या हुकाला टांगलेला. टाचणीनं फोडला की सगळी पोरं त्याखाली तुटून पडतात. मी ठरवलं, तुषारला हेच करायचं. अगदी असंच. आणि साहेब येतो म्हणाले, बाईंना घेऊन. मग तर माझे पाय जमिनीवर राहिले नाहीत.

सारिकाला मीच बोलावून घेतलं. मोठे भावजी तिला दुधाच्या टेम्पोतून आणून सोडून गेले. पताका तिनं लावल्या. फुगे तिनं फुगवले, गाल दुखेपर्यंत. पुठ्ठ्याच्या टोप्यांना इलॅस्टिक तिनं बांधलं. स्वतःला एक टोपी निवडून ठेवली होती — लाल — आणि ती कुणी घेऊ नये म्हणून उशीखाली दडवली होती.

पाहुणे यायच्या थोडं आधी हे केक आणायला गेले. घरात मी, तुषार आणि सारिका. फुगा फारच खाली लोंबत होता. माणसांच्या डोक्याला लागला असता. माझ्या अंगावर नवी साडी. मी कशाला चढू?

“सारिका, तू चढ गं,” मी म्हणाले. “दोरा वर घे जरा.”

ऐकलंत ना? मी म्हणाले. ती आपण होऊन नाही चढली.

चढली. टाचा उंच करून दोऱ्याला गाठ मारायला लागली. आणि तुषारला काय वाटलं कोण जाणे — आपला फुगा ही फोडणार, असं वाटलं असेल — त्यानं दोन्ही हातांनी स्टूल ओढलं. मी समोर उभी होते. बशा पुसत होते. मी त्याला ओढताना बघितलं. ओरडायला वेळ होता का? होता, थोडा. मला वाटलं, नाही पडायची ही.

उजव्या हातावर पडली. आवाज झाला. तो आवाज मी कशासारखा होता ते सांगणार नाही.

मला काही कळत नव्हतं, असं म्हणता आलं असतं तर बरं झालं असतं. पण शाळेत असताना मी प्रथमोपचाराच्या वर्गात होते. खोट्या मोडलेल्या हाताला फळी बांधण्याचं बक्षीस मिळालंय मला. मोडलेला हात हलवायचा नाही, चोळायचा नाही, घट्ट बांधायचा नाही, आणि पहिलं काम काय, तर दवाखाना — हे मी घोकून पाठ केलेलं होतं. तिचं कोपर जागेवर नव्हतं, ते मला दिसत होतं. शेजारी रिक्षावाला राहत होता. हाक मारायची खोटी होती.

मी काय केलं? — मी घड्याळ बघितलं.

मग तिला उचलून आतल्या खोलीत नेलं. कोपराला मलम चोळलं. पेटीतली माझी जुनी ओढणी घडी करून हात गच्च बांधला, गच्च, म्हणजे दुखायचं थांबेल असं तिला सांगितलं. तापाची गोळी दिली. आणि म्हणाले, “पाहुणे जाईपर्यंत रडायचं नाही हां. शहाणी ना माझी?”

तिनं मान हलवली. ओठ पांढरे पडले होते.

मी दार ओढून घेतलं.

साहेब आले, बाई आल्या, आसपासची पोरं आली. यांनी विचारलं, सारिका कुठाय? पोट दुखतंय म्हणून झोपलीय, म्हणाले. केक कापला. सगळ्यांनी गाणं म्हटलं, मीही टाळ्या वाजवल्या. आतून एकदा बारीक आवाज आला. बाईंनी कान दिला तसं मी म्हणाले, “आमच्या गावाकडची पुतणी आहे, जरा हट्टी आहे.” बाई समजल्यासारख्या हसल्या. फुगा फुटला, पोरं तुटून पडली, घरभर थर्माकोल झाला. बाई म्हणाल्या, छान केलंत हो सगळं. त्या वाक्यासाठी तर मी हे सगळं केलं होतं. मिळालं.

मधे एकदा मी आत जाऊन तिला केकची बशी देऊन आले. तिनं डाव्या हातानं घेतली. बोटं कशी आहेत बघू, म्हणून मी ओढणीतनं बाहेर आलेली बोटं धरली. थंडगार होती. थंड बोटांचा अर्थ मला माहीत होता. मी ओढणी सैल केली का? नाही. सैल केली असती तर ती किंचाळली असती.

पोरं पांगली, हे साहेबांना खाली गाडीपर्यंत सोडायला गेले, तेव्हा मी तिच्याजवळ बसले. मायेनं बसले, अगदी. केसांवरनं हात फिरवत तिला म्हणाले, “आत्ताच पडले म्हणून सांगायचं. मीच चढले म्हणायचं. न्हायतर तुषारला बाबा लई मारतील गं.” आमच्या बोलीत म्हणाले मी ते. तेवढ्यापुरती मी तिची निरवांगीची काकी झाले.

तुषारवर तिचा जीव होता. “बरं,” म्हणाली.

हे वर आले. मी म्हणाले, सारिका पडली हो, आत्ता, फुग्याचा तुकडा काढायला चढली होती, मी नको नको म्हणत होते. हे तिला उचलून धावतच खाली गेले.

डॉक्टरांनी पहिला प्रश्न विचारला, कधी लागलं? मी म्हणाले, हे काय, आत्ताच. त्यांनी सूज बघितली, माझ्याकडं बघितलं. मग म्हणाले, “लगेच आणलंत, हे बरं केलंत.”

मी मान हलवली.

भूल देऊन हाड बसवलं, प्लॅस्टर घातलं. सकाळी आक्का आणि भावजी आले. आक्का तशाच शेतातनं उठून आलेल्या, पायाला चिखल. मला वाटलं पोरीला पोटाशी धरतील. त्यांनी खाटेजवळ जाऊन आधी तिच्या गालावर एक चापट ठेवून दिली.

“कुनी सांगितलं हुतं गं तुला चढायला? दुसऱ्याच्या घरी जाऊन बी गप ऱ्हाता येत न्हाय व्हय?”

सारिका रडली नाही. तिनं माझ्याकडं बघितलं. नुसतं बघितलं. त्यात राग नव्हता, तक्रार नव्हती — बरोबर केलं ना मी, असं विचारत होती ती. आणि मी? मी हळूच मान हलवली. शाबासकी दिली तिला मी.

मग आक्का माझ्याकडं वळल्या. त्यांचे डोळे भरून आले होते. म्हणाल्या, “तुझा कारेक्रमाचा दिस नासला गं हिच्या पायी. राग मानू नगंस.”

आणि मी म्हणाले, “असू द्या आक्का. लहान हाय.”

मी तिला माफ केलं. कळतंय का तुम्हाला? चारचौघांत, दवाखान्यात, मी त्या पोरीला मोठ्या मनानं माफ केलं. भावजी यांना म्हणाले, तुझ्या बायकोचं मन मोठं हाय. खोटं बोलले, ते भीतीपोटी म्हणता येईल. हे कशापोटी म्हणायचं?

प्लॅस्टर काढलं तेव्हा बोटं उघडेनात. आत वळलेली, पाखराच्या पायासारखी. डॉक्टर म्हणाले, रक्त कमी पोचलं, कधी कधी होतं असं, वेळेत आणूनसुद्धा होतं. वेळेत आणूनसुद्धा. त्या उशिरानं झालं की माझ्या ओढणीनं, की तसंही झालंच असतं — मला माहीत नाही. विचारता आलं असतं. पण विचारायला आधी खरी वेळ सांगावी लागली असती. तर मी विचारलं नाही. तेल, व्यायाम, पुण्याला एकदा दाखवणं, सगळं झालं. आक्कांनी देवाला बोलून बघितलं. बोटं उघडली नाहीत.

सारिका डाव्या हातानं लिहायला शिकली. भाकरी थापता येत नाही तिला. थापली तर एका बाजूला जाड होते, आणि आमच्यात पोरीची भाकरी सगळे बघतात. चिंचेवर चढणं तर तिनं लगेच सोडलं. आक्का तिला कशालाच हात लावू देईनात — बस गप, मागं काय केलंस ते इसरलीस का? गडबडी पोरगी होती, ती बायकांच्यात बसून धान्य निवडायला लागली, डाव्या हातानं. मी सुट्टीला जायची, तेव्हा तिच्यासाठी कपडा न्यायची, रिबिनी न्यायची. सगळे म्हणायचे, काकीचा किती जीव हाय.

तुषारला काही आठवत नाही. पाच वर्षांचं पोर ते. शाळेत निबंध लिहायचा होता, ‘आगाऊपणाचे फळ’ की काय असा, तर त्यानं बहिणीचा हात लिहिला. मला वाचून दाखवला. चांगलं अक्षर काढलंस, म्हणाले मी.

हे सगळं मी पचवलं. खरंच पचवलं, झोप बिप उडाली नाही माझी. अधूनमधून वाटायचं, निदान एका माणसाला तरी खरं माहीत आहे — सारिकाला. ती मोठी होईल, कधीतरी एकटीला गाठून मला विचारेल, शिव्या देईल, चारचौघांत सांगेल. त्याची मला भीती होती. आणि खरं सांगू? तो एक आधारही होता. कुणीतरी आहे, जिला मी कोण ते ठाऊक आहे.

शतक सरत आलं होतं तेव्हाची गोष्ट. आम्ही निरवांगीला गेलो होतो. सारिका आता परकर-पोलक्यातनं पंजाबी ड्रेसात आलेली. धाकट्या नणंदेचं पोरगं ट्रॅक्टरच्या चाकावर चढायला लागलं, तशी ती ओट्यावरनं ओरडली — “उतर खाली! उतर म्हनते ना! ह्यो माझा हात बघितलास का?”

ते पोरगं थांबलं. सारिका त्याच्याजवळ गेली, त्याला कडेवर घेतलं आणि समजुतीनं सांगायला लागली.

“मी बी तुझ्यावानीच लई आगाऊ हुते. काकीनं हाताला धरून खाली वडलं हुतं मला. दोनदा वडलं. तरी मी परत चढले.”

हाताला धरून ओढलं, हे मी कधीच कुणाला सांगितलेलं नव्हतं. हे तिचं होतं. तिनंच कुठंतरी ते रचलं होतं, वर्षानुवर्षं ऐकून ऐकून, आणि आता ते तिला आठवत होतं. मी तिच्या तोंडाकडं बघितलं. काही लपवत नव्हती ती. हसत होती, स्वतःलाच.

“व्हय का न्हाय, काकी?” तिनं विचारलं.

आक्का आत चुलीपुढं होत्या. हे भावजींबरोबर गोठ्याकडं गेले होते. ओट्यावर आम्हीच होतो, ते पोर आणि आम्ही दोघी. मला कुणी अडवलं नव्हतं.

“व्हय,” मी म्हणाले.