मलाक्काच्या वाटेवर सोडून गेलेली बस

सिंगापूरच्या एजंटाने मला फसवलं. प्रायव्हेट बस कबूल केली, शेअरिंगच्या बसमध्ये बसवलं, आणि त्या बसने माझ्या सहलीची माणसं परक्या देशाच्या नाक्यावर टाकून दिली. हे आधीच लिहून टाकतो. पुढे मुआर आणि मलाक्का या गावांबद्दल बरंच येईल, गावं आहेतच तशी, आणि त्यांच्या नादात हा मुद्दा बाजूला पडेल. तो पडू द्यायचा नाही.

सकाळचे आठ वाजले होते. सिंगापूर आणि मलेशिया यांच्यामध्ये समुद्राची एक चिंचोळी पट्टी आहे आणि तिच्यावर पूल आहे. बसने जायचं, पण दोन्ही टोकांना उतरून पासपोर्ट दाखवायचा आणि पलीकडे परत त्याच बसमध्ये चढायचं. सिंगापूरचा नाका आम्ही पार केला होता. मलेशियाच्या नाक्यावर माझे बारा प्रवासी पुढे गेले. तेराव्या कौसल्यामावशी काउंटरवर अडकल्या.

तिथे परदेशी माणसाच्या बोटांचे ठसे घेतात. मावशींच्या बोटांना ठसेच नव्हते.

मावशी नांदेडजवळच्या लोह्याच्या. बसस्टँडजवळ त्यांची खानावळ होती. भाकऱ्या थापून, तव्यावर हाताने उलटून आणि मिरच्या कांडून बोटं गुळगुळीत झालेली. मशीनवर बोट ठेवलं की लाल दिवा. मावशींनी बोट पदराला पुसलं, मग केसांतून फिरवून थोडं तेल लावलं आणि परत ठेवलं.

"रेशनच्या दुकानात असंच करावं लागतंय," त्या मला म्हणाल्या. "तिथं तिसऱ्या बारीला घेतंय."

इथे पाचव्यांदाही घेतलं नाही. अधिकारी सभ्य होता. त्याने मावशींना बाजूच्या ऑफिसात बसायला सांगितलं. मी मागे गेलो.

आता थोडं धंद्याचं सांगतो, नाहीतर पुढचं कळणार नाही. परदेशात आमची हॉटेलं, बस, गाइड आणि तिकिटं तिथलाच एक एजंट बघतो. त्याला लँड ऑपरेटर म्हणतात. त्याच्याकडे बस दोन प्रकारे मिळते. प्रायव्हेट म्हणजे दिवसभर फक्त आपल्या ग्रुपची. दुसरी एसआयसी, सीट-इन-कोच. म्हणजे दहा एजंटांचे प्रवासी एकाच बसमध्ये, आपल्याकडच्या काळी-पिवळी जीपसारखे. फरक एवढाच की काळी-पिवळीवाला सीट भरल्याशिवाय हलत नाही, आणि हा सीट रिकामी झाली तरी थांबत नाही.

काळी-पिवळी मला शिकवायची गरज नाही. लोहा-कंधार रस्त्यावर मी स्वतः हाका मारून सीटा भरल्या आहेत. आज नांदेडला माझं सहलींचं ऑफिस आहे, आणि भाव करण्यात मला कुणी हरवलेलं नाही. या एजंटाशीही तीन दिवस घासाघीस केली. तो मूळचा आपल्याच राज्यातला, मराठी बोलणारा. दोन दिवस तो अडून बसला. तिसऱ्या दिवशी एकदम म्हणाला, "ठीक आहे भाऊ, तुम्ही म्हणता तसं." मी खूश झालो. तिथेच मला शंका यायला हवी होती.

सकाळी हॉटेलखाली बस आली तेव्हा तिच्यात आधीच वीसेक माणसं बसलेली होती. मी एजंटाला फोन लावला. तो म्हणाला, "भाऊ, फक्त बॉर्डरपर्यंत. पुढे तुमची वेगळी गाडी उभी आहे." पुढे काही उभं नव्हतं.

ही सहल खरं तर मावशींसाठीच घेतली होती. खानावळ सुनेच्या हाती देऊन त्या माझ्या ऑफिसात आल्या. मी उंच इमारतींचे फोटो दाखवत होतो, त्या जांभया देत होत्या. मग म्हणाल्या, "बालाजी, जन्मभर मसाल्यात लवंग टाकली, जायफळ टाकलं. ते येतंय कुठून रे?"

मी म्हटलं, "जुन्या काळी मलाक्का नावाच्या बंदरातून यायचं म्हणतात."

"मंग ते दाखव. बिल्डिंगी मला काय करायच्यात?"

त्याच दिवशी मी एका दिवसाची मलाक्का सहल कार्यक्रमात टाकली, वाटेतल्या मुआरसकट. दुसऱ्या दिवशी दुपारी आमचं परतीचं विमान होतं. म्हणजे मावशींना मलाक्का दिसायचं तर आजच.

ऑफिसात अधिकाऱ्याने मावशींचा पंजा उलटा-सुलटा करून बघितला आणि काय काम करता, असं इंग्रजीत विचारलं. मी सांगायच्या आत मावशींनी दोन्ही हातांनी हवेत भाकरी थापून दाखवली, आवाजासकट. तो हसला. "रोटी!"

"रोटी न्हाई रे बाबा, भाकरी. जवारीची," मावशी म्हणाल्या. त्याने मान हलवली आणि फॉर्म भरायला घेतला. हाताने भरायचा फॉर्म, वर साहेबाची सही. वेळ लागणार होता.

मी बाहेर बसकडे पळालो. बसबरोबरचा गाइड क्लिपबोर्ड घेऊन दारात उभा होता.

"ट्वेंटी मिनिट्स ओव्हर, सर. अदर गेस्ट्स वेटिंग."

"एक म्हातारी बाई आत आहे."

"लीव्ह वन, टेक ट्वेल्व्ह. शी कॅन टेक टॅक्सी."

माझं डोकं फिरलं. नांदेडच्या भाषेत मी त्याला जे बोललो ते इथे लिहीत नाही. त्याला त्यातलं अक्षर कळलं नाही, पण आवाज कळला असावा, कारण तो एक पायरी वर चढला. नाक्यावरच्या पोलिसाने आमच्याकडे बघितलं. मी आवाज खाली आणला. परक्या नाक्यावर भांडणं म्हणजे बाकीच्यांचेही पासपोर्ट अडकवणं, एवढी अक्कल रागातही शिल्लक होती.

बसमधून शेख सर खाली उतरले. कंधारचे, जिल्हा परिषदेच्या शाळेत इतिहास शिकवून रिटायर झालेले. त्यांनी मला विचारलं, "काय झालं, बालाजी?" मी सांगितलं. ते वळले आणि बसमध्ये बघून म्हणाले, "चला, उतरा सगळे. मावशी आत आहेत."

लातूरचे एक बियाणांचे दुकानदार होते, त्यांना सगळे शेठ म्हणायचे. ते सीटवरून हलले नाहीत. "एका बाईपायी बारा जणांचा दिवस घालवायचा का? आम्ही पैसे भरलेत."

"त्यांनी भरले नाहीत का?" सर म्हणाले.

"मी कुठं तसं म्हणालोय? पण बस गेली तर पुढं काय?"

शेठच्या बायको तोवर पर्स घेऊन खाली उतरल्या होत्या. त्यांनी खालूनच विचारलं, "तुम्ही येताय का मी एकटीच उतरू?" शेठ उतरले. बस गेली. मी तिचा नंबर लिहून घेतला.

मग एजंटाला फोन. हे संभाषण जसंच्या तसं देतो.

"माझी प्रायव्हेट बस कुठंय?"

"भाऊ, व्हाउचर बघा ना. काल रात्री पाठवलंय. त्यात एसआयसी लिहिलंय."

"बोलणं प्रायव्हेटचं झालं होतं. मेसेज आहे माझ्याकडं."

"त्या रेटमध्ये प्रायव्हेट बसतं का भाऊ? तुम्हीच सांगा."

"नव्हतं बसत तर नाही म्हणायचं होतं!"

"मग तुम्ही दुसऱ्याकडे गेले असता."

फोन कटला. त्यानंतर दिवसभर त्याने उचलला नाही.

मावशी बाहेर आल्या तेव्हा साडेनऊ वाजले होते. हातात शिक्क्याचा पासपोर्ट आणि एक कागद, परत येताना दाखवायचा. त्यांनी आमच्याकडे बघितलं, रिकाम्या रस्त्याकडे बघितलं आणि विचारलं, "गाडी गेली व्हय? माझ्यापायी?"

"तुमच्यापायी नाही," मी म्हटलं. "दुसऱ्या एकापायी."

गाडी शोधायला मी आणि सर टॅक्सी स्टँडवर गेलो. तिथला ड्रायव्हर तमिळ होता. सरांची पंधरा वर्षं तेलंगणाच्या सीमेवरच्या देगलूरच्या शाळेत गेलेली, त्यांना तेलुगू येतं. ते तेलुगूत बोलले. ड्रायव्हरला अर्धं कळलं. त्याने कुणाला तरी फोन लावला आणि सरांच्या कानाला दिला. पाच मिनिटांत सर त्या अनोळखी माणसाशी "अण्णा, अण्णा" करत हसत होते. अर्ध्या तासात वेंकट अण्णा दोन व्हॅन घेऊन आला. त्याचे आजोबा आंध्रातून रबराच्या मळ्यावर आले होते. त्याने भाव सांगितला. सवयीने माझं तोंड उघडलं, पण शेठने माझा दंड धरला. "आज नको, बालाजीराव. माणसं रस्त्यावर उभी असताना भाव करू नका."

मी भाव केला नाही. माझ्या धंद्यात असं पहिल्यांदा झालं.

वेंकट अण्णाने हमरस्ता सोडून किनाऱ्याकडचा रस्ता घेतला. ठरलेल्या बसने मुआर खिडकीतूनच दाखवलं असतं, असं तो म्हणाला. आम्ही उतरलो. मुआर नदी समुद्राला मिळते तिथे वसलेलं गाव आहे. दुकानांच्या रांगा, प्रत्येक दुकानापुढे छत, आणि छताखालून गावभर उन्हाशिवाय चालत जाता येतं. लातूरच्या उन्हात ही युक्ती का केली नाही, असं शेठने तीनदा विचारलं आणि दुकानांची खांबाखांबाची मापं पावलांनी घेतली. समोर नदीत होड्या होत्या. मावशींनी पाण्यात हात घालून जिभेला लावला. "आळणी बी न्हाई, खारट बी न्हाई," त्यांनी सांगितलं.

मलाक्काला पोचलो तेव्हा दोन वाजून गेले होते. गाइड नव्हता, म्हणून गाइड झाले शेख सर. लाल रंगाच्या डच इमारतींपुढे उभं राहून ते बोलायला लागले आणि थांबेनात. पोर्तुगिजांनी गोवा घेतला, त्याच्या पुढच्याच वर्षी मलाक्का. मग डच आले, मग इंग्रज. हे सगळं त्यांनी नकाशावर बोट ठेवून शिकवलेलं, गाव आज पहिल्यांदा बघत होते. मध्येच थांबून ते एखादी पाटी वाचायचे आणि स्वतःशीच म्हणायचे, "बरोबर शिकवलं होतं."

किल्ल्याचा मात्र एक दरवाजा तेवढा उरलाय. बाकीचा इंग्रजांनी पाडला. सर त्या दरवाजापाशी जरा हिरमुसले. "आपल्या कंधारच्या किल्ल्याला खंदक आहे, बुरूज आहेत," ते म्हणाले. "आणि बघायला माणूस नाही. इथं एका दरवाजासाठी रांग."

मावशींचं लक्ष किल्ल्यात नव्हतं. "लवंगीचं झाड कुठंय?" त्या विचारत होत्या.

सरांनी समजावून सांगितलं. लवंग इथे पिकत नव्हती. ती लांबच्या बेटांवर पिकायची. इकडून गुजराती, तिकडून चिनी व्यापारी जहाजं घेऊन यायचे आणि माल इथे बदलायचा. वाऱ्याची दिशा फिरेपर्यंत थांबायचे.

मला वाटलं, संपलं. एवढं करून बाईला झाड दिसलं नाही.

"म्हंजी हा मोंढा हाय," त्या म्हणाल्या. "आपल्या नांदेडचा बाजार हाय तसा. पिकतंय कुठं, इकतंय कुठं."

"अगदी तसंच," सर म्हणाले.

"मंग मोंढ्यात माल बघाव की. भिंती काय बघायच्या?"

नदीच्या पलीकडे जुन्या गल्लीत एक मसाल्याचं दुकान सापडलं. मावशींनी बरणीतली लवंग उचलली, तिच्या डोक्यावर नख दाबलं आणि नाकाशी धरली. नख कोरडं राहिलं. "तेल काढून घेतलेली हाय. नुसता भुसा," त्यांनी मला सांगितलं, आणि दुकानदाराकडे बघून मान हलवली. त्या माणसाला भाषा कळत नव्हती, पण नखाची भाषा कळली. तो आतून दुसरी बरणी घेऊन आला. तिच्यातली लवंग दाबल्यावर नखावर तेल आलं. मावशींनी ते नख सरांना, शेठना, वेंकट अण्णाला, सगळ्यांना हुंगायला लावलं. मग एक मूठभर घेतली. त्या दुकानात आम्ही तासभर होतो. मावशी बरण्या उघडायला लावत होत्या आणि तो हसत उघडत होता.

परतीला नाक्यावर तो कागद दाखवला. पाच मिनिटांत सुटलो.

नांदेडला आल्यावर एजंटाचा फोन आला. म्हणाला, भाऊ, फरकाचे पैसे परत करतो, विषय संपवा. मी म्हटलं, पैसे तुझ्याकडून कसे काढायचे ते मला येतं, त्याची काळजी तू करू नकोस. विषय तो नाही.

माझी चूक मी कबूल करतो. घासून घासून भाव पाडला आणि समोरचा एकदम हो म्हणाला, तर त्याने काय कापलं ते तिथल्या तिथे विचारायला पाहिजे. मी ते विचारलं नाही, आणि रात्री आलेलं व्हाउचर वाचलं नाही. आता प्रत्येक व्हाउचर मी ऑफिसात मोठ्याने वाचून घेतो.

पण माझ्या चुकीने त्याची लबाडी धुऊन निघत नाही. माझ्या ग्रुपमध्ये कोण किती वयाचं आहे, त्याची यादी त्याच्याकडे होती. ही बस कुणासाठी थांबत नाही, हेही त्याला माहीत होतं. दोन्ही माहीत असून त्याने "पुढे तुमची गाडी उभी आहे" असं सकाळी मला सांगितलं. ते कुणाच्या भरवशावर सांगितलं? गाडी नव्हती, तर नाक्यावर आम्ही काय करावं असं त्याला वाटत होतं? मला व्हाउचर नको, रेटची गोष्ट नको. त्याने लोह्याला फोन लावावा, कौसल्यामावशींना, आणि ही दोन उत्तरं त्यांना द्यावीत. नंबर त्याच्या यादीत आहे.