काखेतली सुई

माझा उजवा हात माझ्याच माठापायी मोडला, हे मी आधीच सांगून टाकते. नंतर दुसऱ्या कोणी सांगितलं तर मला राग येईल, आणि माझा राग आमच्या सिंदी मेघेत सगळ्यांना ठाऊक आहे.

आमच्या स्वयंपाकघरात खिडकीखाली दोन माठ असतात. एक घरचा, एक माझा. माझा माठ मीच घासते, मीच भरते आणि त्यातलं पाणी मीच पिते. हा दुसरा माठ मुलाचं लग्न झालं त्याच आठवड्यात आला. सून हिंगणीकडची, गोंडाची पोर, शिकून भूल देणारी डॉक्टर झालेली. मुलाने सगळं परस्पर ठरवलं आणि मला शेवटी सांगितलं. मी हिंगणघाटला बत्तीस वर्षं मास्तरीण होते. रोज सकाळी पोरांकडून प्रतिज्ञा म्हणवून घेतलेली बाई, तेव्हा जातीचं नाव तोंडातून काढणं मला शोभलं नसतं. मी काढलंही नाही. एवढंच म्हटलं, "मले दमा आहे. माझं पाणी वेगळं लागते."

डॉक्टरीण बाईला दम्याचं आणि माठाचं नातं काय समजायचं ते समजलं. तिला मला पुन्हा सांगावं लागलं नाही. तीन वर्षांत तिने त्या माठाला बोट लावलं नाही, झाडू मारतानासुद्धा त्याला वळसा घालून जायची. भांडलीही नाही, आणि तेच मला जास्त खुपायचं. भांडली असती तर मी चार शब्द सुनावले असते आणि मोकळी झाले असते. ही मिठाची गुळणी धरून बसायची आणि माझ्याकडे नुसती बघत राहायची. तिचं ते बघणं मला अजिबात आवडत नसे.

मे महिन्यातल्या एका सकाळी, चहाच्याही आधी, मी घागर भरून माठात ओतत होते. फरशी ओली होती. पाय सरकला, मी उजव्या हातावर पडले आणि मनगट उलट्या चमच्यासारखं वाकलं. सून खोलीतून धावत आली. "हात हलवू नका," म्हणाली आणि वर्तमानपत्राची घट्ट घडी करून, आपली ओढणी फाडून तिने हात बांधला. काम चोख होतं, मला नाव ठेवायला जागा नव्हती. माझा माठ कलंडला होता आणि त्यातलं पाणी भळभळ वाहून दारापर्यंत गेलं होतं. तिने नळ बंद केला, घागर उचलली, फरशी पुसली. माठ सरळ केला नाही. तो तसाच कलंडलेला ठेवून आम्ही दवाखान्यात गेलो.

ती जिथे नोकरी करते तोच दवाखाना. हाडांच्या डॉक्टरांनी एक्स-रे दिव्यावर धरला आणि म्हणाले की प्लेट बसवावी लागेल. माझ्या बोटांना मुंग्या येत होत्या. ते ऐकल्यावर त्यांचा चेहरा बदलला. आतली नस दबते आहे, म्हणाले, आजच करा, थांबलात तर बोटांतली ताकद जाईल. मी त्या बोटांकडे पाहिलं. सही, वेणी, पोळी हे सगळं नंतर आठवलं. पहिल्यांदा डोक्यात आली ती घागर. एका हाताने घागर उचलवत नाही. हा हात गेला तर जन्मभर पाणी तिच्या हातचं.

दम्यामुळे मला पूर्ण भूल देणं धोक्याचं होतं. फक्त हात बधिर करायचा, असं ठरलं. आणि ते काम त्या दिवशी तिथे एकच माणूस करू शकत होतं. दुसरे भूलतज्ज्ञ गावाला गेले होते.

"घरचीच डॉक्टर आहे, मॅडम, आणखी काय पाहिजे तुम्हाला?" हाडांचे डॉक्टर हसून म्हणाले.

सून हसली नाही. "सर, मी घरच्या माणसाला देत नाही. दुसरं कोणी बघा," म्हणाली. घरच्या माणसाला म्हणताना ती जरा अडखळली, ते मी ऐकलं. तिने स्वतःच चार फोन लावले. नागपूरहून येणारे संध्याकाळशिवाय येणार नव्हते आणि माझी बोटं तोवर थांबणार नव्हती. शेवटी ती कागद घेऊन माझ्या खाटेशी आली. माझा मुलगा शेजारी उभा होता, त्याच्याकडे तिने पाहिलंही नाही.

"संमती लागते. तुम्ही नाही म्हणू शकता."

"नाही म्हटलं तर?"

"तर संध्याकाळपर्यंत वाट पाहायची."

उजव्या हाताने सही होत नव्हती. बत्तीस वर्षं पोरांना सही करायला शिकवली आणि त्या दिवशी सुनेने धरलेल्या कागदावर मी डाव्या हाताचा अंगठा उठवला. अंगाची नुसती लाही झाली. मुलगा म्हणाला, "आई, शांत राह्य ना." त्यालाही दोन शब्द ऐकवले.

ऑपरेशनच्या खोलीत तिने माझा हात वर करून उशीवर ठेवला आणि काख उघडी केली. मी म्हटलं, "काखेत काऊन? हात तर मनगटाले मोडला."

"मनगटाकडे जाणाऱ्या नसा इथून जातात. मानेजवळूनही देता येतं, पण त्याने श्वास कमी होऊ शकतो. तुम्हाला दमा आहे." दमा या शब्दावर ती क्षणभर थांबली. मी वर छताकडे पाहिलं.

तिने काख पुसली, थंड जेल लावलं आणि सोनोग्राफीचा दांडा तिथे टेकवला. मशीनचा पडदा मला दिसत होता. मध्ये एक काळा गोल उडत होता, ती रक्तवाहिनी, आणि भोवती राखाडी ठिपके, त्या नसा. जिने माझ्या माठाला हात लावायचा नाही ती माझ्या काखेत हात घालून माझ्या आतलं बघत होती. मेल्याहून मेल्यासारखं झालं. सुई पडद्यावर पांढऱ्या रेघेसारखी सरकत आली. ती प्रत्येक वेळी आधी सांगायची, "आता टोचेल," आणि तेवढंच टोचायचं. पंधरा मिनिटांत करंगळी जड झाली, मग मधली बोटं, मग हात माझा राहिलाच नाही.

मग तिने स्पिरिटचा कापूस घेतला. करंगळीला लावला. "थंड लागतं?" नाही. तळहाताला. नाही. हाताच्या मागच्या बाजूला. नाही. मग मनगटाच्या वर, अंगठ्याच्या अंगाला लावला आणि तिथे मला थंड लागलं. चिमटा लावला तर चांगला झोंबला.

"इथे?"

"नाही," मी म्हटलं.

का म्हटलं ते लिहायलाच बसले आहे, तर सरळ लिहिते. माझ्या डोक्यात आलं की आता हे कापतील, मला दुखेल, मी ओरडेन आणि सगळ्या दवाखान्यासमोर हिचं नाक कापलं जाईल. मोठी शिकलेली आली, एक हात धड बधिर करता येत नाही. त्यासाठी मी चाकू सोसायला तयार होते. वर्गातल्या द्वाड पोराच्या मी या कारणासाठी कानशिलात दिली असती. तिथे पडल्या पडल्या मला ते अगदी न्यायाचं वाटलं.

"चला, सुरू करू," हाडांचे डॉक्टर म्हणाले. हातावर हिरवं कापड पडलं. त्यांनी पुन्हा चिमटा लावला. "दुखतं का मॅडम?"

"नाही."

"थांबा सर," सून म्हणाली. "यांना दुखतंय."

"अहो, पेशंट स्वतः नाही म्हणतात."

"तोंडाकडे बघू नका. पायाकडे बघा."

मीही पाहिलं. चादरीच्या बाहेर माझे दोन्ही पाय होते आणि उजव्या पायाचा अंगठा शेजारच्या बोटावर घट्ट चढून बसला होता. मला त्याची गंधवार्ता नव्हती. साठ वर्षांत कोणी सांगितलं नव्हतं.

"दुखलं की यांचं असं होतं," ती म्हणाली. "गुडघा दुखतो तेव्हाही. घरी बघते मी."

डॉक्टरांनी घड्याळाकडे पाहिलं. "अंगठा चढला म्हणून ऑपरेशन थांबवायचं?"

"चाकू ठेवा, सर." तिने आवाज चढवला नाही. वयाने तिच्या बापाएवढा माणूस, पण त्याने चाकू ठेवला.

तिने पुन्हा दांडा टेकवला. सोबतच्या नर्सला ती सांगत होती की एक नस बाकीच्यांसोबत राहत नाही, दंडाच्या स्नायूत एकटी असते, हाताच्या अंगठ्याकडची कातडी तिच्याकडे असते. मघाशी औषध दिलं, पण तिला नीट पोचलं नाही. चूक माझी, असंही म्हणाली, सगळ्यांच्या देखत. जी गोष्ट मी चाकू सोसून सिद्ध करणार होते ती तिने स्वतःहून सांगून टाकली आणि कोणाचं नाक कापलं गेलं नाही. नर्सने मान डोलावली, डॉक्टर म्हणाले, "होतं कधीकधी." मी तिथेच पडून होते.

सुई पुन्हा गेली. थोड्या वेळाने कापूस, चिमटा, काहीच नाही. या वेळी ती मला विचारत नव्हती, माझ्या पायाकडे बघत होती.

ती वाकली तेव्हा मी हळूच म्हटलं, "बोलली काऊन तू? कापू द्यायचं होतं."

"टेबलावर कोणीही असतं तरी बोलले असते," ती तेवढ्याच हळू म्हणाली. "तुम्ही आहात म्हणून जास्त काही केलं नाही. कमीही केलं नाही."

मी तिच्याशी तीन वर्षं वाकडं वागले, पण असं सपाट कधी बोलले नव्हते. प्लेट बसेपर्यंत मी डोळे मिटून पडले होते. स्क्रू आवळल्याचा आवाज येत होता, दुखत मात्र काहीच नव्हतं.

दुपारी चारला वॉर्डात कूलरची गरम हवा अंगावर येत होती. सकाळपासून घशाखाली थेंब गेला नव्हता. मुलगा औषधं आणायला गेला होता. हात गळ्यातल्या झोळीत पडून होता, दुसऱ्या कोणाचा तरी असल्यासारखा. ती तपासायला आली, बोटं दाबून त्यांचा रंग पाहिला. "नस सुटली. बोटं चालतील," म्हणाली. "संध्याकाळनंतर दुखायला लागेल, तेव्हा गोळी मागून घ्या. तोवर हाताला जपा, भाजलं तरी कळणार नाही."

"पाणी प्यायलं तर चालते का?"

"चालतं."

स्टुलावर पाण्याची नवी बाटली होती, तिच्या हाताच्या अंतरावर. मी तीन वर्षांत पहिल्यांदा तिला म्हटलं, "दे मग."

तिने बाटलीकडे पाहिलं. मग माझ्याकडे. रागाने नाही, तशीच, जशी घरी बघते.

"तुमच्या पाण्याला मी हात लावत नाही, आई," ती म्हणाली आणि दाराकडे वळली. "मावशी, यांना पाणी द्या."

मावशी वॉर्डाच्या त्या टोकाला एका पेशंटची चादर बदलत होती. "आली, आली," म्हणाली. मी बाटलीकडे हात केला. डावा हात चांगला होता, बाटली उचललीही. पण झाकण उघडायला दोन हात लागतात, म्हणून ती मांडीवर धरून मी मावशीची वाट पाहत बसले.