पाड्याकडे गेलेले षटकार

फलंदाजीला उतरण्याआधी जनार्दन बॅट काखेत मारून मैदानालगतच्या घरांकडे जायचा. प्रत्येक ओट्यापुढे थांबून विचारायचा, "कोन नाय ना गो भाईर? पोरांना आत घे. मी खेळायला उतरतोय." बायका हसायच्या. त्याला हसू यायचं नाही.

भातकापणी उरकली की शहापूर-मुरबाडकडे रिकाम्या खाचरांची मैदानं होतात आणि दर रविवारी कुणा ना कुणाच्या नावाचा चषक असतो. मी शाळामास्तर; तिथे धावा लिहायला बसायचो. जनार्दन टोकावड्याचा. जो संघ बोलावील त्याच्याकडून टेनिस क्रिकेट खेळायचा. त्याचं घर त्यावरच चाले. समालोचक त्याला 'षटकारांचा सम्राट' म्हणत. मान्यवरांचे सत्कार डावापेक्षा जास्त वेळ चालत.

घरांची ही फेरी खर्डीजवळच्या एका सामन्यानंतर सुरू झाली. शेजारच्या पाड्यातल्या कौलांवर चेंडू टाकणाऱ्याला बोकड, असं आयोजकांनी जाहीर केलं होतं. जनार्दनने टाकला. सामना संपल्यावर, फुटलेल्या कौलाचं काय ते विचारायला तो त्या घरी गेला. मीही सोबत होतो. घरातल्या बाईने ओट्यावरची बाळाची झोळी उघडून दाखवली. आत कौलाचा पंजाएवढा तुकडा पडला होता. बाळाला दूध पाजायला तिने नुकतंच उचललं होतं, एवढंच. मैदानावर लाउडस्पीकर बोकडाचं वजन सांगत होता.

बोकड त्याने नेला नाही. पण खेळणं सोडून खाणार काय? तेव्हापासून पाड्याच्या बाजूला चेंडू उडाला, की लोक नाचायचे आणि हा मान वर करून उभा. चेंडू कुठे पडला ते कळल्याशिवाय पुढचा खेळत नसे. एकदा मी विचारलं, मान्यवरांच्या व्यासपीठाची काळजी नाही का वाटत? म्हणाला, "तिकडं बिनधास्त. गळ्यात एवढे हार हायेत, लागायचं नाय."

संघमालक वैतागायचे. एकाने तर बजावलं, पुन्हा रेंगाळलास तर दुसरा आणीन.

त्याच मालकाच्या संघाचा तानशाजवळ अंतिम सामना होता. थेट प्रक्षेपण चालू होतं, म्हणून जनार्दनला फेरी मारू दिली नाही. शेवटच्या चेंडूवर पाच धावा हव्या होत्या. चेंडू पायाशी, त्याला हवा तसा आला. त्याने बॅट वर नेली आणि तशीच धरून ठेवली. त्रिफळा उडाला. सगळे त्याच्यावर तुटून पडले असताना तो एकटक पाहत होता तिकडे मी पाहिलं. सीमारेषेपलीकडे कठडा नसलेल्या विहिरीच्या काठावर एक म्हातारी वाकून पाणी ओढत होती.

मालकाने त्याला गाडीत घेतलं नाही. पुढे कुणी बोलावलंही नाही. आता तो एका भातगिरणीत पोती उचलतो. त्या सामन्यानंतर मी त्याला मोटारसायकलवर मुरबाडपर्यंत आणलं. वाटेत म्हटलं, अरे, एक जीव वाचवलास, आता तरी निवांत झोप.

"मास्तर," तो मागून म्हणाला, "ही दिसली म्हणून थांबलो. खर्डीच्या आदी सात वर्सं मी मारीत होतो. खाली कोन होतं, ते कदी बघितलंच नाय."