भावसिंगची बाही

डोंगरकडा गावचा जळबा खिल्लारे फौजेतून हवालदार म्हणून निवृत्त झाला आणि हिंगोलीत एका बँकेच्या दारात बंदूक घेऊन उभा राहू लागला. औंढ्याकडं एका पिक्चरचं शूटिंग आलं, तेव्हा नटांना रायफल धरायला शिकवायला कुणीतरी त्याचं नाव सुचवलं. दिग्दर्शकाच्या डोळ्यांत त्याचा चेहरा भरला. शिकवायला गेलेला जळबा पोलिसाची वर्दी चढवून, एक वाक्य बोलूनच परतला.

पुढं पुण्या-मुंबईची बोलावणी येऊ लागली. जेलर, फौजदार, शहीद जवानाचा बाप. कामं छोटीच, पण जवळा बाजार गावात लोक अडवून फोटो काढायचे आणि त्याची बायको मालनबाई वरवर कुरकुरत मनातून हरखायची.

मग मोठं काम आलं. तोफांच्या माऱ्यात खचून, साथीदारांना टाकून पळणारा हवालदार. जळबानं आधी नाहीच म्हटलं. पण एवढी मोठी भूमिका आजवर कुणी त्याला दिली नव्हती. शेवटी गेला.

कॅमेऱ्यासमोर मात्र काही केल्या जमेना. दिग्दर्शक म्हणाला, रडू नका, घाबरा. तेव्हा जळबाला काश्मिरातली चौकी आठवली. शेजारी हिंगोलीकडच्याच गोरेगावचा भावसिंग राठोड. गोळे पडत होते आणि तोंडून आवाज फुटू नये म्हणून भावसिंगनं स्वतःची बाही दातांत आवळून धरली होती. दोघंही जागचे हलले नव्हते. ती गोष्ट दोघांनी पुन्हा कधी काढली नाही. जळबानं बाही दातांत धरली. शॉट ओके झाला.

पिक्चर लोकांनी मोबाइलवर पाहिला. पारावर दोघा-चौघांनी टोमणे मारले, मालनबाई नळावर भांडून आली. जळबाला त्याचं एवढं वाटलं नाही. पण आठवड्याला येणारा भावसिंगचा फोन बंद झाला, तेव्हा तो जीप धरून गोरेगावला गेला.

भावसिंगची बायको चंदाबाई दारातच भेटली. पिक्चर पाहिल्यापासून यांचा डोळा लागत नाही, ती हळूच म्हणाली. आत चहा झाला, सोयाबीनचं बोलणं झालं. मग भावसिंग म्हणाला,

"ती बाही माझी हाय, जळबा."

"व्हय."

"अजूनबी झोपेत चावतो मी. घरात सगळ्यांला ठाव हाय. नातवानं इचारलं, आजा, तुमीबी पळाले व्हते का?"

"तू हललाबी न्हाईस, भावसिंग. मी सांगतो त्याला."

"तू आता काई सांगू नको. लई सांगून बसलास."

जळबानं माफी मागितली. भावसिंगनं ती ऐकून घेतली, पण नेहमीसारखा जीपपर्यंत सोडायला आला नाही. पुढं जळबानं दोनदा फोन लावला. दोन्ही वेळा चंदाबाईनं उचलला. ते शेतात गेलेत, म्हणाली. मागं भावसिंग खोकत होता.

दिग्दर्शकानं पुन्हा तसलंच काम देऊ केलं, ते जळबानं नाकारलं. आता पिक्चरमध्ये तो दार उघडून 'साहेब आले' म्हणणारा शिपाई होतो. एकदा जेवताना मालनबाईनं सहज विचारलं, एवढ्या कामांत तुमाला सगळ्यात चांगलं कोणतं जमलं? त्याला उत्तर ठाऊक होतं. तो खाली मान घालून भाकरी मोडत राहिला.