पुलावरच्या खडावा

गेले सोळा दिवस इसाबुरो त्या मुलीला नदीत ढकलत होता. असाकुसातल्या चित्रगृहात पडद्याशेजारी उभं राहून तो मुक्या चित्रांना आवाज द्यायचा. बापाचा जाड, मुलीचा बारीक. चित्रातली मुलगी बापाच्या शब्दाखातर प्रियकराला सोडते, पुलावर खडावा जोडून ठेवते आणि उडी घेते. बायका पदराआड रडत.

सतराव्या दुपारी मात्र खेळाआधीच तो घामाघूम झाला होता.

"काय हो मास्तर, एवढा घाम?" शामिसेनच्या तारा पिळत म्हातारी म्हणाली. "या वयात प्रेमात पडलात की काय?"

तो हसला नाही. सकाळी भात वाढताना त्याची मुलगी ओत्सुया म्हणाली होती, "बाबा, करते मी सोयावाल्यांच्या मुलाशी लग्न. शब्द दिलाय ना तुम्ही! आज तेवढा तुमचा खेळ बघते. शेवटपर्यंत." 'शब्द दिलाय ना तुम्ही' हे वाक्य चित्रातल्या मुलीचं होतं, आवाजही. त्यानेच घडवलेला.

आता ती पहिल्या रांगेत बसली होती. वर यंत्राचा दांडा फिरवत होता कान्जी. ओत्सुयाला मागणी घालायला आला तेव्हा तेलकट हातांचा म्हणून इसाबुरोने ज्याला दारातूनच परत पाठवलं होतं. मागे उंच खुर्चीवर पोलीस, सरकारने मंजूर केलेला निवेदनाचा मजकूर मांडीवर. एक वाक्य इकडचं तिकडे झालं की परवाना गेला.

पूल आला. मुलीने खडावा काढल्या. इसाबुरो बोलू लागला आणि त्याला दिसलं, खाली ओत्सुयाचे ओठ त्याच्याबरोबर हलताहेत.

 त्याने घंटेची कळ दोनदा दाबली: सावकाश फिरव. यंत्र थांबवता येत नव्हतं. दिव्यापुढे फिल्म पेटली असती. कान्जीने हात जड केला. मुलीचं पाऊल हवेत रेंगाळलं.

"पोरी, खडावा घाल!" इसाबुरो बापाच्या आवाजात ओरडला. "माझा शब्द मीच जाऊन मागे घेतो. घरी ये. कान्जीलाही आण."

"कान्जी कोण?" कुणीतरी ओरडलं. "मास्तर, प्यायलात का?"

"निवेदन बंद!" पोलीस उठला.

चित्रातल्या मुलीने उडी घेतलीच. तिला आवाज द्यायला कुणी नव्हतं.

दिवे लागले. पहिल्या रांगेतली जागा रिकामी. पोलिसाला ढकलून इसाबुरो दाराकडे धावला. जोडे ठेवायच्या फळीवर ओत्सुयाच्या खडावा होत्या. शेजारी शेजारी, नीट जोडलेल्या.

तो तसाच नदीच्या वाटेकडे वळला.

"अनवाणीच पळाली," जोडे सांभाळणारा म्हणाला. "वर, यंत्राच्या जिन्याने. जाऊन सांगा तिला, लाकडाच्या चिपा आहेत तिथे. पायात जातील."

इसाबुरोने खडावा उचलल्या. पहिल्याच पायरीवर तो वाकला आणि चिपा वेचू लागला.