त्रेसष्ट माणसांची जनभावना

मार्केट यार्डातल्या फळबाजारात मी सव्वीस वर्षं दिवाणजी आहे. गाळ्यावर कोणता माल आला, कुठून आला, किती गेला, हे लिहिणं माझं काम. गाळ्याबाहेर एक काळा फळा आहे. रोज सकाळी मी त्यावर मालाचं नाव, गाव आणि पेट्यांचा आकडा लिहितो. गिऱ्हाईक आधी फळा वाचतं, मग मालाला हात लावतं.

त्या आठवड्यात सीमेवर गोळीबार चालू होता आणि एका तिसऱ्या देशाने शत्रूची बाजू घेतली होती. नेमकी त्याच देशाची सफरचंदं आमच्याकडे येत. देशाचं नाव लिहीत नाही. पुढच्या वर्षी दुसरा कुठला तरी असेल.

आदल्या दिवशीच बाकीच्या गाळ्यांनी आपापल्या फळ्यांवरून ते नाव पुसलं होतं. आमचे शेठ मला म्हणाले, "अहो, नुसतं परदेशी लिहा ना."

"परदेश काही एकच नाही, शेठ," मी म्हणालो आणि नाव लिहिलं. त्या देशाच्या एक्केचाळीस पेट्या, हिमाचलच्या एकशे सात. आकडा बरोबर होता. त्याचाच मला अभिमान होता.

फळबाजाराची एक रीत बाहेरच्यांना ठाऊक नसते. परदेशी पेटीचा पुठ्ठा जाड असतो, पाच-सहा पेट्यांची थप्पी लावली तरी दबत नाही. म्हणून रिकाम्या पेट्या आम्ही परत विकत घेतो आणि त्यांत आपला माल भरतो. त्या दिवशी एकशे अठ्ठेचाळीसच्या एकशे अठ्ठेचाळीस पेट्यांवर त्या देशाचा झेंडा छापलेला होता. आत मात्र बहुतेक आपल्याच डोंगरातली फळं होती.

नऊच्या सुमारास भाऊ आले. आमच्या भागातले हे पुढारी. त्यांना सगळे भाऊच म्हणतात. दोन कॅमेरेवाले पुढे, माणसं मागे. भाऊ एका उपड्या क्रेटवर चढले. "हा सफरचंदाचा रस नाही," ते ओरडले, "हे आपल्या जवानांचं रक्त आहे! पुणेकर ते विकू देणार का?"

मी माणसं मोजली. सवय आहे. नुसते बघे सोडून त्रेसष्ट.

पहिली पेटी डांबरावर आपटली तेव्हा टाळ्या पडल्या. मग क्रम राहिला नाही. पुठ्ठे फाडले, फळं बुटांनी चिरडली, वजनकाटा उचलून खांबावर घातला. त्याची काच उडून माझ्या टेबलापर्यंत आली. रसाचा गोड वास गाळाभर पसरला. एकजण फळं दगडासारखी आत फेकत होता. एक फळ शेठच्या भुवईवर बसलं आणि रक्त सदऱ्यावर उतरलं. शेठ मागच्या खोलीत गेले आणि त्यांनी आतून कडी लावली.

दारात आमचा हमाल उभा राहिला. पन्नाशीचा, बीडकडचा, एकोणीस वर्षं आमच्याच गाळ्यावर पेट्या उचलणारा. दोन्ही हात चौकटीला लावून तो ओरडत होता, "आरं, हा आपला माल हाय! हिमाचलचा हाय! फळा वाचा की!"

"पेटीवर काय छापलंय ते दिसतंय आम्हाला!"

"पुठ्ठा त्यांचा हाय, फळ आपलं हाय!"

"मग पुठ्ठ्यासकट फोडा!" कोणीतरी म्हणालं आणि लोक हसले. त्या हसण्यातच "गद्दार" असा शब्द आला. तो कोणी उच्चारला ते मला दिसलं नाही. फळी कोणी उचलली ते दिसलं.

लाकडी खोक्याची फळी, टोकाला दोन खिळे. ती ज्यांच्या हातात होती ते आमच्या जिन्यावर समोरच्या दारात राहतात. बँकेत अधिकारी आहेत. सोसायटीच्या बैठकीत पाण्याच्या टँकरवरून भांडण झालं की हेच सर्वांना खाली बसवतात. पहिला फटका हमालाच्या खांद्यावर पडला. खिळ्याने सदरा आणि कातडी एकदमच फाटली. त्याने डोकं वाचवायला उजवा हात वर घेतला. दुसरा फटका मनगटावर आला. त्याचा आवाज मी ऐकला. तो खाली पडल्यावर दोघांनी त्याला बरगडीत लाथा घातल्या आणि पेट्यांसाठी त्याला ओलांडून आत शिरले.

माझ्या टेबलापासून दार चार पावलांवर आहे. मी उठलो नाही.

हमालाच्या मनगटाचं हाड तीन ठिकाणी मोडलं होतं. सरकारी रुग्णालयातले डॉक्टर म्हणाले, हात राहील, पण त्या हाताची पकड येणार नाही. हमालाने मलाच विचारलं, "पकड न्हाई म्हंजे पेटी न्हाई. असंच ना दिवाणजी?"

मी हो म्हणालो. दुसरं काय म्हणणार होतो?

"फळ्यावर नाव लिवलं तुमी, आन् हात माजा गेला," तो म्हणाला आणि भिंतीकडे तोंड करून झोपला.

तोवर कॅमेरेवाल्यांची चित्रफीत सगळीकडे फिरत होती. तिच्यात पेट्या दोन हजार झाल्या होत्या आणि माणसं हजारो. चौथ्या दिवशी ती त्या देशाच्या टीव्हीवर लागली. त्यांच्या वकिलातीने निषेध केला. आपल्याकडून कोणा मोठ्या अधिकाऱ्याने उत्तर दिलं की ही पुण्याची जनभावना आहे आणि सरकारला तिच्याकडे दुर्लक्ष करता येत नाही. लगोलग त्यांचा माल बंद झाला. त्यांनी आपल्या द्राक्षांचे कंटेनर बंदरात अडवले. आठवडाभरात तिकडच्या एका शहरात जमावाने आपल्या माणसाचं हॉटेल फोडलं आणि त्याचं डोकं फोडलं. तिथेही कोणीतरी भाऊ क्रेटवर चढले असणार. मी बातमी वाचत होतो आणि मला सारखा एकच आकडा आठवत होता. पुण्याची लोकसंख्या मला पक्की माहीत नाही. जनभावना त्रेसष्ट होती.

मग भाऊंचा एक माणूस रुग्णालयात आला. चौकीत अजून कोणाचाच जबाब झाला नव्हता. हमाल दारू पिऊन थप्पी लावत होता, थप्पी अंगावर कोसळली, असं लिहून द्यायचं, उपचाराचं भाऊ बघतील. आयुष्यात चहापलीकडे काही न प्यायलेला माणूस. तो कागद झाला असता तर हाताबरोबर त्याचा हमालीचा बिल्ला आणि अब्रूही गेली असती. बाजारातल्या कोणीच काही पाहिलं नव्हतं. शेठ कडी लावून आत होते. बघितलेला मी एकटा; चौकीत जबाब देतो, असं मी भाऊंच्या माणसासमोरच म्हणालो.

त्याच संध्याकाळी समोरच्या दारातल्या बँकवाल्यांनी आमची बेल वाजवली. आत येऊन बसले. सौभाग्यवतींनी पाणी दिलं, पण ते प्यायले नाहीत.

"आपण चौकीत जाणार आहात असं ऐकलं."

"उद्या सकाळी."

"अहो, मी मारामारी करणारा माणूस आहे का? आपण मला बारा वर्षं ओळखता."

"चौदा."

"भाऊ बोलत होते, सगळे ओरडत होते, मला काही सुचेना. मी देशासाठी गेलो होतो तिथे. आणि मी एकदाच मारलं."

"दोनदा," मी म्हणालो. "पहिला खांद्यावर. तो लागल्यावर आपण फळी नीट पकडून घेतलीत. मग मनगटावर."

"इतकं बघत होतात, तर सोडवायला का नाही आलात?"

ते उठले आणि दार इतक्या जोरात आपटून गेले की चौकटीचा गिलावा पडला.

सकाळी चौकीतल्या फौजदारांनी माझा जबाब लिहून घेतला. वाचून दाखवला तेव्हा त्यात 'अज्ञात जमावाकडून धक्काबुक्की' असं होतं.

"साहेब, अज्ञात नाही. मी नाव सांगितलं. आणि धक्काबुक्की नाही. फळीचे फटके दोन, लाथा कमीत कमी पाच."

"काका, तुम्हाला त्यांच्या समोरच राहायचंय."

"हो. पत्ता त्यामुळेच अचूक देता आला."

ते हसले नाहीत, पण त्यांनी कागद फाडला आणि दुसरा घेतला. मी प्रत्येक ओळ वाचली. मी टेबलामागे बसून राहिलो, हेही लिहायला लावलं. मग सही केली.

बाहेर आलो. स्कूटर चौकीपासून शंभर पावलांवर, भिंतीच्या कडेला लावली होती. तिची सीट फाडलेली होती आणि शेजारी तिघे उभे होते. एक त्या चित्रफितीत भाऊंच्या उजव्या हाताला होता. "हेच ते, मोजणारे काका," तो म्हणाला. मला वाटलं, बोलून सोडतील. पहिला ठोसा तोंडावर बसला. दात जिभेवर आलेला कळला. दुसऱ्याने कॉलर धरून माझं डोकं भिंतीवर आपटलं. तिसरा फक्त म्हणत होता, "मोज ना, मोज आता!" खाली पडल्यावर पोटात लाथ बसली आणि श्वासच येईना. रस्त्याने माणसं जात होती. एक रिक्षावाला थांबला, बघितलं, निघून गेला. त्याला मी काय नावं ठेवणार?

ते गेल्यावर मी भिंतीला धरून उठलो. घरचा रस्ता डावीकडे होता. मी उजवीकडे वळलो आणि पुन्हा चौकीच्या पायऱ्या चढलो.

फौजदारांनी मान वर केली. माझ्या तोंडातून रक्त त्यांच्या टेबलावर पडलं. त्यांनी माझा मघाचा जबाब फायलीतून काढून हातात घेतला.

"मागे घेताय का, काका?"

"नाही," मी म्हणालो. दात नसल्याने शब्द नीट येत नव्हता, म्हणून परत म्हणालो, "नाही. हमालाच्या हाताचा तो कागद तसाच राहू द्या. हा वेगळा लिहा. तिघे होते."

त्यांनी कोरा कागद ओढला, माझ्यापुढे पाण्याचा ग्लास सरकवला आणि तारीख घातली.